पेटीवाल्याचा मोर

बाबा गेल्यापासून त्यांची पेटी कपाटावर होती. जुन्या चादरीत गुंडाळलेली, आणि तिच्यावर मिक्सरचा, इस्त्रीचा, कशाकशाचा रिकामा खोका. दिवाळीच्या साफसफाईला ती खाली उतरायची, पुसली जायची आणि परत वर जायची. या जूनमध्ये भाचीने पेटी शिकायचं मनावर घेतलं म्हणून अकरा वर्षांनी चादर सोडली. भाता ओढला तर दमेकऱ्यासारखा आवाज. एकही पट्टी दाबलेली नसताना मधली एक काळी आपली आपण कण्हत होती आणि तिच्या शेजारच्या दोन पांढऱ्या ठार मुक्या. कुणीतरी पेठेतल्या एका पेटीवाल्याचं नाव सांगितलं. बोळ, बोळाच्या आत बोळ, सायकलींच्या मागे तीन पायऱ्या, आणि वर दहा बाय आठची खोली. भिंतीला टेकून उभ्या केलेल्या पेट्या, काहींचे भाते काढलेले, काहींच्या नुसत्या फळ्या. सरस, जुनं लाकूड आणि उदबत्ती यांचा मिळून एक वास. पेटीवाले साठीचे असावेत. त्यांनी पेटी हातात घेतली, आधी वजन पाहिलं, मग कानाशी नेऊन हलवली. आत काहीतरी खुळखुळलं. "ताई, घरात लहान मूल होतं का?" मी म्हटलं, मीच होते. पन्नास वर्षांपूर्वी.

त्यांनी झाकण उघडलं, पट्ट्या एकेक करून काढल्या आणि सूर बसवलेली फळी बाहेर घेतली. पितळी सुरांच्या दोन रांगा, खर्ज आणि नर, हिरवट पडलेल्या. आतून निघालं ते असं: सुपारीचं एक खांड, आईच्या केसातला आकडा, दोन पैशांचं पन्हाळीच्या कडेचं नाणं आणि झुरळांची बरीच मोठी वसाहत. आकडा मी उचलून पर्समध्ये टाकला. पेटीवाले म्हणाले, चार दिवस लागतील, भात्याचं कातडं बदलावं लागेल, दोन सूर घासून बघतो, नाही जमलं तर नवे घालू. चार दिवसांनी गेले तेव्हा पेटी चकचकीत होऊन बसली होती. मोबाईलवर तानपुरा लावून त्यांनी एकेक सूर दाबून दाखवला. मग तानपुरा बंद केला, डावा हात भात्यावर टाकला आणि उजव्या हाताने, माझ्याकडे बघत, अगदी सहज 'नाच रे मोरा' वाजवलं. ध्रुवपद आणि एक कडवं. संपल्यावर म्हणाले, "झाली बरी."

मी विचारलं, हेच का वाजवलंत? ते म्हणाले, नेहमी हेच वाजवतो. पंचवीस-तीस वर्षं झाली. हे नीट वाजलं की गिऱ्हाइकाच्या हातात पेटी द्यायची. मला फार गंमत वाटली आणि मी बोलून गेले, "पुलंची चाल आहे ना ती." त्यांनी पेटीवरून फडकं फिरवणं थांबवलं. "कोण? ते विनोदी? त्यांनी लिहिलंय हे?" म्हटलं, लिहिलंय गदिमांनी, चाल पुलंची. ते जरा विचारात पडले. खोटं कशाला सांगा, अशा चेहऱ्याने म्हणाले, "चाल लावली होय कोणी? मला वाटलं, तशीच असेल."

तशीच असेल.

रिक्षात पेटी मांडीवर घेऊन बसले होते आणि हे दोन शब्द काही केल्या जाईनात. राग आला नव्हता. त्या माणसाने आयुष्यात शेकडो पेट्या त्या चालीवर बऱ्या केल्या होत्या. ती चाल त्याच्या बोटांत माझ्यापेक्षा जास्त मुरलेली होती. मग मला नक्की काय टोचत होतं? सिग्नलला रिक्षा थांबली तेव्हा ध्यानात आलं की मी स्वतः वेगळं काय समजत होते! दुसरीत असताना गॅदरिंगला मी याच गाण्यावर मोर झाले होते. पुठ्ठ्याला निळं-हिरवं जिलेटिन चिकटवलेला पिसारा, पाठीला नाडीने बांधलेला, आणि ती नाडी काखेत काचत होती, एवढंच मला त्या नाचातलं आठवतं. तेव्हा हे गाणं कुणी केलं असा प्रश्न पडला नाही. पाऊस कुणी केला, असं कुठे विचारतो आपण! पुढे गदिमांचं नाव कळलं, आशाबाईंचा आवाज ओळखू यायला लागला. चाल पुलंची, हे मला कॉलेजात असताना कळलं, आणि तेही बाबांनी जवळजवळ ओरडून सांगितलं म्हणून. कुठल्याशा सुट्टीत मी घरी 'असा मी असामी'ची कॅसेट लावून लोळत हसत होते. बाबा आतून आले, टेपरेकॉर्डर बंद केला आणि म्हणाले, "हसा, हसा. पेटीवाला माणूस होता तो. लेखकांनी पळवला."

बाबांच्या लेखी पुलं दोन होते. एक सगळ्या महाराष्ट्राचे, बटाट्याच्या चाळीतले, अंतू बर्व्याचे, ते बाबांना आवडायचे पण फार नाही. आणि दुसरे त्यांचे स्वतःचे, पेटीवर बसलेले. पहिल्यांनी दुसऱ्यांना खाल्लं अशी त्यांची तक्रार होती आणि ती त्यांनी मरेपर्यंत मागे घेतली नाही. बाबा सांगली जिल्ह्यात सरकारी कचेरीत कारकून होते. पेटी शिकले ती ऐकून आणि एका भजनी मंडळात मागे बसून. शाळकरी वयात त्यांनी 'गुळाचा गणपती' पाहिला, तोही एकाच आठवड्यात दोनदा, आणि दुसऱ्यांदा पाहायचे पैसे आजोबांच्या कोटातून घेतले होते, असं आत्याकडून कळलं. त्यातलं 'इंद्रायणी काठी' हे बाबांचं रविवारचं गाणं. भीमपलासात आहे म्हणून ते दुपारीच वाजवायचं, सकाळी नाही, हा त्यांचा कडक नियम. जेवणं झालेली, आई मोरीत खरकटी भांडी काढत असलेली, पानाची चंची उघडी, आणि उन्हाची एक पट्टी फरशीवरून सरकत पेटीपर्यंत आलेली. बाबा गात नसत. नुसती चाल वाजवत, आणि जिथे भीमसेन श्वास घेतात तिथे भात्याचा हातही किंचित थांबवत. सुपारीचं ते खांड त्यातल्याच कुठल्या तरी रविवारचं असणार.

पुलंच्या सिनेमातल्या दिवसांबद्दल आपल्याकडे फारसं कुणी बोलत नाही. बोललंच तर एखाद्या प्रस्तावनेसारखं: हे सगळं करून मग ते खऱ्या कामाला लागले. पण जरा मोजून बघितलं तर १९४७ च्या 'कुबेर'पासून १९५३ पर्यंत सहा-सात वर्षं हा माणूस सिनेमात होता, आणि ते काही हौसेखातर नव्हे. अठ्ठेचाळीस साली 'वंदे मातरम्'मध्ये ते आणि सुनीताबाई दोघंही पडद्यावर होते. पन्नास साली राजा परांजप्यांच्या 'पुढचं पाऊल'मध्ये समोर हंसा वाडकर. हंसाबाईंच्या समोर उभं राहून नुसतं टिकणं म्हणजेसुद्धा परीक्षा होती. या दोन्ही चित्रपटांचं संगीत सुधीर फडक्यांचं. म्हणजे पुलं पडद्यावर वावरतायत ते दुसऱ्याच्या चालींवर. आणि त्याच पन्नास साली 'देव पावला'साठी गदिमांच्या 'कबीराचे विणतो शेले'ला चाल दिली पुलंनी, ती गायल्या माणिक वर्मा. ते गाणं आजही एकादशीला, रामनवमीला, कीर्तनाच्या आधी लाउडस्पीकर तपासतानासुद्धा लागतं, आणि ते सिनेमातलं आहे हे सांगितलं तर लोकांना खोटं वाटतं. संतांचं असेल, जुनं असेल, तसंच असेल.

मग १९५३. मला या सालाचं नेहमी नवल वाटतं. त्या एका वर्षात राम गबाल्यांचा 'देवबाप्पा' आला, त्यात 'नाच रे मोरा'. त्याच वर्षी 'गुळाचा गणपती': कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि नायक, सगळं एकटे पुलं. 'सबकुछ पु. ल.' हा शब्दप्रयोग तिथून आला. गाणी गदिमांची. 'नाच रे मोरा' गाणाऱ्या आशाबाई तेव्हा विशीच्या उंबरठ्यावर, 'इंद्रायणी काठी' म्हणणारे भीमसेन एकतिशीत, आणि या सगळ्यांना चाली देणारा माणूस चौतिशीतही पूर्ण शिरलेला नाही. आणि तिथेच थांबला. असा भरात आलेला माणूस ओंजळ भरून देतो आणि उठून हात झटकून निघून जातो. का गेले याच्या कहाण्या पुष्कळ सांगितल्या जातात, कोणी पैशाच्या सांगतं, कोणी मनस्तापाच्या. त्या मी इथे उगाळत नाही. गेले एवढं खरं. पुढे बेळगावला प्राध्यापकी, मग पंचावन्न साली आकाशवाणी, सत्तावन्न साली 'तुझे आहे तुजपाशी', एकसष्ट साली 'बटाट्याची चाळ'चे प्रयोग. त्यानंतरचं तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त पाठ असेल.

पेटी घरी आणली त्या रात्री मी फोनवर 'गुळाचा गणपती' परत पाहिला. आधी पाहिला होता दूरदर्शनवर, लहानपणी, तेव्हा फक्त बाबांचं गप्प बसणं आठवतं. इंटरनेटवरची प्रत चरे पडलेली, आवाज मधेच डब्यातून आल्यासारखा. आपल्या डोक्यातले पुलं म्हणजे चष्मा, झब्बा आणि पुढे तुडुंब भरलेलं सभागृह. इथे त्या जागी एक तिशीतला पोरगेला माणूस, भाबडा नाऱ्या होऊन जगाकडे बघणारा. खरं सांगायचं तर सिनेमा अधेमधे रेंगाळतो. काही विनोद जुन्या सुपारीसारखे झालेत, चावतात पण रंगत नाहीत. काही प्रसंगांत तो नायक नसून नायकाची नक्कल करणारा एखादा हुशार मित्र वाटतो. बाबांसमोर हे बोलण्याची माझी हिंमत झाली नसती. पण गाणं आलं की मात्र काहीतरी बदलतं. 'ही कुणी छेडिली तार' सुरू झालं आणि मी उठून खिडकी लावून घेतली, बाहेर रिक्षा फार वाजत होत्या म्हणून. चाल सुरू होते ती कुठलाही आव न आणता. गाणाऱ्याला पुढे करते आणि आपण दाराआड उभी राहते.

साथीदार असाच असतो ना! पेटीची साथ करणाऱ्याला मी लहानपणापासून अगदी जवळून पाहिलंय. गवई पुढे, तबलजी उजवीकडे त्याच्या तोऱ्यात, आणि पेटीवाला डावीकडे जरासा मागे. त्याने काय करायचं तर गवयाच्या सावलीसारखं चालायचं. गवई श्वासाला थांबला की ती फट भरायची, तो परत आला की बाजूला व्हायचं. फार वाजवलं तर गवई रागावतो, कमी वाजवलं तर मैफल उघडी पडते. मैफल रंगली तर लोक म्हणतात, काय गायले बुवा! पेटीवाला पेटी मिटतो, खुंट्या आत ढकलतो, चहा पितो. पुलं हे शिकले होते ते लहान वयात, पार्ल्याच्या घरात आणि राजोपाध्यांच्या शिकवणीत, लिहायला लागण्याच्या कितीतरी आधी. पुढे वसंतराव देशपांड्यांसारख्या गवयाच्या मागे ते पेटी घेऊन बसत तेव्हा समोरच्या लोकांना पेटीवर कोण बसलंय ते चांगलंच माहीत असे, पण वाजवणं मात्र साथीदाराचं. मला वाटतं त्यांनी चालीही तशाच लावल्या, साथ केल्यासारख्या. 'माझिया माहेरा जा' ऐका. ज्योत्स्नाबाई भोळ्यांना तिथे जेवढी जागा लागते तेवढीच ती चाल सरकते. 'शब्दावाचून कळले सारे' ऐका. पाडगावकरांचा शब्द आणि अभिषेकीबुवांचा गळा आपल्याला दिसतो. ज्याने या दोघांची गाठ घालून दिली तो दिसतच नाही.

आणि हाच माणूस 'चाळ'च्या प्रयोगात एकटा रंगमंचावर उभा राहून अडीच-तीन तास हजार माणसांना डोळ्यांची पापणी लवू देत नसे. हे गणित मला सुटलेलं नाही.

त्यात आणखी एक चमत्कारिक गोष्ट. पुलं आकाशवाणीत गेले तेव्हा आकाशवाणीवर पेटीला बंदी होती. १९४० पासून जवळजवळ तीस वर्षं ती होती. कारण सांगत ते असं की पेटीचे सूर ठोकून बसवलेले, त्यातून मींड, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं, निघत नाही, सुरांमधल्या बारीक श्रुती निघत नाहीत, तेव्हा आपल्या गाण्याला ती अपायकारक. म्हणजे ज्याची बोटं पेटीवर वाढली त्याने सकाळी दहाला हजेरी लावायची ती नेमकी पेटीला मज्जाव असलेल्या इमारतीत. बाबा ही गोष्ट सांगताना हसायचे आणि मग लगेच गंभीर व्हायचे. त्यांना रेडिओ आवडायचा, त्यामुळे त्यांची पंचाईत व्हायची. 'आपली आवड' लागली की ते हातातलं काम थांबवत, गाण्यासाठी नाही, गाण्याच्या आधीच्या त्या तीन नावांसाठी. गीत अमुक, संगीत तमुक, स्वर अमक्याचे. निवेदिका 'संगीत पु. ल. देशपांडे' म्हणाली की बाबा आईकडे बघत, जणू ते नाव त्यांनी स्वतः पत्र पाठवून सांगायला लावलंय. रेडिओने आम्हाला ही एक सवय लावली होती, की गाणं ऐकायच्या आधी ते कुणाकुणाचं आहे ते ऐकायचं. आता फोनवर 'नाच रे मोरा' शोधलं तर रंगीत कार्टून मोर येतो, डोळे मिचकावणारा, खाली कोट्यवधी लोकांनी बघितल्याचा आकडा, आणि नाव असतं ते कार्टून बनवणाऱ्या कंपनीचं. पेटीवाल्याने 'तशीच असेल' म्हणावं यात त्याची काय चूक!

गोविंदराव टेंब्यांचं नाव या ठिकाणी घेतल्याशिवाय मला पुढे जाता येत नाही, बाबांनी जाऊ दिलं नसतं. कोल्हापूरचे टेंबे, पेटीवाले, गायक भास्करबुवा बखल्यांच्या सहवासात घडलेले. १९११ साली 'मानापमान'च्या चाली त्यांच्या. आणि बत्तीस साली प्रभातचा पहिला मराठी बोलपट 'अयोध्येचा राजा' आला तेव्हा संगीतही टेंब्यांचं आणि हरिश्चंद्रही टेंबेच, तारामती दुर्गा खोटे. तेव्हा पार्श्वगायन नव्हतं, नटाला कॅमेऱ्यासमोर उभं राहून गावंच लागे, त्यामुळे गाणारा माणूस नट व्हायचा आणि चाली बांधणारा माणूस पडद्यावर दिसायचा. मास्टर कृष्णराव 'भक्तीचा मळा'मध्ये सावता माळी झाले ते याच परंपरेतले. पुलं आले तोवर ही सोय संपली होती. गळा एकाचा, चेहरा दुसऱ्याचा, चाल तिसऱ्याची, अशी कामाची वाटणी होऊन गेली होती. टेंबे लिहीतही छान. नट, पेटी, चाली आणि लेखणी, हा सगळा संच पुलंच्या आधी एकदा कोल्हापुरात तयार झाला होता. फरक एवढाच की टेंब्यांना लोक संगीताचे म्हणून ओळखतात आणि त्यांनी लिहिलं हे सांगावं लागतं. पुलंचं बरोबर उलटं. पंचावन्न साली टेंबे गेले, त्याच साली पुलं आकाशवाणीत लागले. याला काही अर्थ नाही, पण बाबा हे दोन्ही एकाच वाक्यात सांगायचे.

मला विचाराल तर मी बाबांच्या बाजूची नाही. 'चाळ' आणि 'व्यक्ती आणि वल्ली' देऊन टाक आणि त्याबदल्यात आणखी वीस गाणी घे, असा सौदा कुणी पुढे केला तर मी तो करणार नाही. आजारपणात मी 'गणगोत'मधला रावसाहेब वाचलाय, दहा वेळा. त्या दिवसांत मला गाणं ऐकवत नव्हतं, रावसाहेब चालत होता. पण रात्री अकराला भांडी घासताना कधीतरी मनात येतंच की ती वीस गाणी कशी असती. लता, आशा, माणिक वर्मा, वसंतराव, भीमसेन, सगळे ऐन उमेदीत, गदिमा रोज एक गाणं लिहितायत, आणि पेटीवर चाल सुचणारा माणूस मात्र कॉलेजात मुलांना शिकवतोय. बाबांचा राग मला तेवढ्यापुरता कळतो. रावसाहेबाने माझं दुखणं हलकं केलं हे खरं, पण बाबांच्या रविवारांना त्याचा काय उपयोग? त्यांना नवीन चाल हवी होती. ते तीच जुनी वाजवत राहिले, चाळीस वर्षं.

ब्याण्णव साली 'एक होता विदूषक' आला. जब्बार पटेलांचा चित्रपट, पटकथा-संवाद पुलंचे. वर्तमानपत्रात बातमी वाचली त्या दिवशी बाबा तालुक्याहून परत येताना चालतच घरी आले, एसटीची वाट न बघता. एकोणचाळीस वर्षांनी परत आला बघ, म्हणाले. मी सुट्टीला गेले होते, त्यांना घेऊन सांगलीत सिनेमाला गेले. थिएटरात पंखे घरघरत होते, मागे कुणीतरी भुईमुगाच्या शेंगा फोडत होतं. श्रेयनामावली सुरू झाली तसे बाबा पुढे वाकले. गीतं ना. धों. महानोर. संगीत आनंद मोडक. बाबा मागे टेकले. चित्रपट त्यांनी शेवटपर्यंत पाहिला, लक्ष्मीकांत बेर्ड्यांचं काम त्यांना आवडलंही, मोडकांच्या चालींना घरी आल्यावर त्यांनी मनापासून दाद दिली. पण थिएटरातून बाहेर पडताना चपला शोधत असल्यासारखं खाली बघत एवढंच म्हणाले, "शब्द दिले. पेटी नाही उघडली."

दोन हजार सालच्या बारा जूनला पुलं गेले. टीव्हीवर दिवसभर तेच चाललं होतं. मी पुण्याहून फोन केला तेव्हा आईने सांगितलं, बाबा दुपारपासून पेटी घेऊन बसलेत. काय वाजवतायत, मी विचारलं. आई म्हणाली, काही नाही, नुसतं पुसतायत.

भाचीची शिकवणी आता सुरू झालीय. सप्टेंबरात, पाऊस लांबला तसं, ती मधली काळी परत आपली आपण बोलायला लागली. लाकूड फुगलं असणार. मी पेटी घेऊन पुन्हा त्या तीन पायऱ्या चढले. पेटीवाल्यांसमोर एक कॉलेजातला मुलगा बसला होता, गळ्यात हेडफोन, गिऱ्हाईक असावा असं वाटलं. तो त्यांचाच मुलगा निघाला. पेटीवाल्यांनी पट्ट्या काढल्या, एक अगदी पातळ पान सुराखालून फिरवलं, कानस दोनदा लावली, फुंकर मारली. दहा मिनिटांचं काम. मग सवयीने डावा हात भात्यावर गेला आणि मोर आला. ध्रुवपद आणि एक कडवं. या खेपेला वाजवून झाल्यावर त्यांनी हात लगेच उचलला नाही.

"ताई, तुम्ही गेल्यावर याला मोबाईलवर बघायला लावलं. बरोबर आहे तुमचं. पुलंच." मुलाने मान हलवली. "एक सांगा, ते पेटी वाजवायचे का? म्हणजे हाताने, बसून?"

म्हटलं, हो, चांगली वाजवायचे. साथ करायचे.

"हां," ते म्हणाले. त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी जागच्या जागी बसलं. त्यांनी परत ध्रुवपद वाजवलं, या वेळी हळू, आपल्याच बोटांकडे बघत. "मग बरोबर. ही पेटीवाल्यानेच लावलेली चाल आहे. बघा ना, बोट कुठे पळत नाही. आहे त्या जागेवरून सगळं हाताशी येतं. गळ्याने लावली असती तर कुठेतरी उडी मारली असती. म्हणूनच मी तीस वर्षं हीच..." आणि वाक्य अर्धवट टाकून ते मुलाला म्हणाले, "ऐक, हे ऐकून ठेव," आणि कडवं घेतलं.

मुलगा ऐकत होता की नाही कळलं नाही, हेडफोन गळ्यातच होते. मी पाकीट काढलं. दोनशे झाले. पैसे मोजून घेत ते म्हणाले, पावसात उघडी ठेवू नका, आणि सुपारी खाणारं कुणी असेल तर लांब बसवा.